बाळाची दीड महिन्याची लस आणि आईची साखर

(आपल्या सामुदायिक रेडिओवर झालेल्या भाषणाचा हा मजकूर. गटाच्या बैठकीत मोठ्यानं वाचता यावा म्हणून छापत आहोत.)

मी तुमची नर्सबाई बोलतेय.

रिटायर होऊन दोन वर्षं झाली, पण बाजारात कुणी हाक मारली तर अजून 'नर्सबाई' अशीच मारतं. ३१ वर्षं या भागातल्या वाड्यावस्त्यांवर फिरले. किती जणींची कार्डं भरली, किती लेकरांना लसी टोचल्या, त्याचा हिशेब नाही. आज मात्र दुसऱ्या कुणाची गोष्ट सांगणार नाही. माझीच सांगणार आहे, कारण चूकही माझीच आहे.

माझ्या दुसऱ्या गरोदरपणात सातव्या महिन्यात रक्तात साखर सापडली. डॉक्टर म्हणाले, गोड बंद, भात कमी, रोज चाला. मी ते थोडंफार केलं. मुलगी झाली, चार किलोच्या वर वजन. सगळ्या वॉर्डात कौतुक. सासूबाई म्हणाल्या, "दोन महिन्यांची वाटतेय गं!" तिसऱ्या दिवशी माझी साखर तपासली, ती नॉर्मल आली. मी म्हटलं, सुटले बाई.

घरी सोडताना कागदावर लिहून दिलं होतं, दीड महिन्यानं येऊन पुन्हा साखर तपासा. तो कागद मी कपाटात ठेवला. मुलीची दीड महिन्याची लस अगदी ठरल्या दिवशी दिली. माझी तपासणी मात्र राहिली. आज जाऊ, उद्या जाऊ करता करता ती ११ वर्षं राहिली.

मग एकदा पायाला बाभळीचा काटा लागला. एवढीशी जखम, पण तीन आठवडे भरेना. तेव्हा रक्त तपासलं, तर साखर २८० च्या वर. डोळे तपासले, तर पडद्यावर परिणाम सुरू झालेला. म्हणजे साखर कितीतरी आधीपासून वाढलेली होती आणि मला पत्ता नव्हता. रोज दुसऱ्यांच्या बोटाला सुई टोचणारी बाई मी, स्वतःच्या बोटाला टोचायला मला ११ वर्षं लागली.

तुमच्यातल्या एकीचंही असं होऊ नये, म्हणून आज हे बोलणं.

आधी हे समजून घेऊ की गरोदरपणात साखर वाढते का. पुष्कळ जणींना वाटतं, पेढे खाल्ले, डोहाळजेवणात गोड जास्त झालं, म्हणून साखर वाढली. मग घरचे तिला बोल लावतात. तसं नाही बायांनो. मूळ कारण जिभेत नाही, वारेत आहे.

शेताला पाणी देताना काय करतो? पाटातून पाणी येतं. दारं धरणारा माणूस खोरं घेऊन उभा असतो. तो एका वाफ्याचं दारं उघडतो, पाणी आत जातं, वाफा भरला की पुढचं दारं. दारं धरणारा नसेल तर पाणी पाटातच तुंबतं, फुटून भलतीकडे जातं, आणि वाफे मात्र कोरडे.

आपल्या अंगात रक्त हा पाट आणि साखर हे पाणी. आपण भाकरी, भात, केळं काहीही खाल्लं की त्याची साखर होते आणि ती रक्तात उतरते. हात, पाय, सगळं अंग हे वाफे. आणि दारं धरणारा म्हणजे इन्सुलिन. ते पोटातल्या स्वादुपिंडात तयार होतं. इन्सुलिन दारं उघडतं, साखर आत जाते, अंगाला ताकद मिळते.

आता बाई गरोदर राहिली. बाळ वारेतून जेवतं. त्याला आईच्या रक्तातली साखर सतत लागते. म्हणून वार काय करते? ती आईच्या रक्तात असे काही रस सोडते, ज्यांना आपण हार्मोन म्हणतो, की आईची दारं जड होतात, लवकर उघडत नाहीत. जेवल्यानंतर साखर पाटात जरा जास्त वेळ राहावी आणि बाळाला मिळावी, ही त्यामागची सोय. सगळ्याच गरोदर बायांमध्ये हे होतं. हा आजार नाही, ही निसर्गाची रीत आहे.

पहिले तीन महिने याचा फार त्रास नसतो. पाचव्या महिन्यानंतर वार मोठी होते, तिचे हार्मोन वाढतात, तशी दारं अधिकच जड होतात. मग दारं धरायला एक माणूस पुरत नाही. शेवटच्या तीन महिन्यांत आईच्या अंगाला नेहमीपेक्षा दुप्पट-तिप्पट इन्सुलिन लागतं. बहुतेक जणींचं स्वादुपिंड तेवढं बनवतं आणि काही बिघडत नाही. काही जणींचं कमी पडतं. त्यांची साखर पाटात तुंबते. याला म्हणायचं गरोदरपणातला मधुमेह.

मग प्रश्न येतो, कुणाचं कमी पडतं? जिच्या आईवडिलांना, भावंडांना साखर आहे, जिचं आधीचं बाळ फार वजनाचं होतं, जिला मागच्या खेपेला साखर होती, जिचं वजन जास्त आहे किंवा वय जास्त आहे, तिला धोका जास्त. पण बारीक बाई सुटली असं समजू नका. पुण्याच्या केईएम हॉस्पिटलचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि त्यांचे सहकारी यांनी १९९० च्या दशकात पुण्याजवळच्या सहा गावांत गरोदर बायांचा आणि त्यांच्या बाळांचा अभ्यास केला. शेतात राबणाऱ्या, आपल्यासारख्याच बाया. त्यांची बाळं सरासरी पावणेतीन किलोच्या आसपास, इंग्लंडच्या बाळांपेक्षा पुष्कळ हलकी. पण हातपाय बारीक असले, मांस कमी असलं, तरी अंगातली चरबी त्या मानानं टिकून होती. दिसायला सडपातळ, आत चरबी. अशा अंगाला साखरेचा आजार लवकर गाठतो. म्हणून "मी कुठं लठ्ठ आहे, मला कशाची साखर?" हे आपल्याकडे चालत नाही.

आणखी एक अडचण. ही साखर बहुतेक वेळा काहीच त्रास देत नाही. लघवीला जास्त होणं, थकवा येणं हे तर प्रत्येक गरोदर बाईला होतंच. लघवीच्या तपासणीवरही भरवसा नाही. गरोदरपणात रक्तातली साखर बरोबर असूनही लघवीत साखर दिसू शकते, आणि रक्तात वाढलेली असून लघवीत दिसत नाही असंही होतं. म्हणून रक्ताचीच तपासणी हवी, आणि ती प्रत्येकीची हवी.

ही तपासणी कशी असते ते नीट ऐका. सरकारच्या नियमाप्रमाणे ती दोन वेळा करायची. पहिली, नाव नोंदवायला पहिल्यांदा दवाखान्यात जाल तेव्हाच. ती बरोबर आली तरी दुसरी २४ ते २८ आठवड्यांच्या मध्ये, म्हणजे सहावा महिना सरत आला की. डोहाळजेवणाची तारीख काढता ना? त्याच्या आधी या तपासणीची तारीख काढा.

तपासणीत ७५ ग्रॅम ग्लुकोजची पावडर ३०० मिली पाण्यात, म्हणजे मोठा दीड पेला पाण्यात, विरघळवून देतात. पाच-दहा मिनिटांत हळूहळू प्यायचं. त्यासाठी उपाशी यायची गरज नाही. एसटीनं लांबून आलात, वाटेत खाल्लंत, तरी चालतं. दोन तास तिथंच बसायचं. दोन तासांनी रक्त घेतात. साखर १४० किंवा जास्त आली तर गरोदरपणातला मधुमेह धरतात. पाणी प्यायल्यावर अर्ध्या तासाच्या आत उलटी झाली तर दुसऱ्या दिवशी पुन्हा करावं लागतं. तेव्हा लाजू नका, उलटी झाली तर सांगा.

दोन तास बसणं हीच आपली मोठी अडचण. घरी सैपाक राहिलाय, शेवटची गाडी जाईल, सासूबाई वाट बघतील. पण ते दोन तास मोडू नका. सोबत आलेल्या आत्याबाईंना, जाऊबाईंना आधीच सांगा, आज वेळ लागणार. सरकारी दवाखान्यात गरोदर बाईला या तपासणीचे पैसे पडत नाहीत. दर महिन्याच्या ९ तारखेला प्रधानमंत्री सुरक्षित मातृत्व अभियानात डॉक्टर तपासतात, तेव्हा विचारा, "माझी ग्लुकोजची तपासणी झाली का?" त्या दिवशी पावडर संपलेली असेल तर पुढची तारीख कार्डावर लिहून घ्या. तोंडी 'नंतर या' ऐकून परत येऊ नका.

साखर तुंबली तर होतं काय? आईची साखर वारेतून बाळाकडे जाते, पण आईचं इन्सुलिन जात नाही. मग बाळाला ती जास्तीची साखर खपवायला स्वतःचं इन्सुलिन जास्त बनवावं लागतं. त्यानं बाळ फुगतं, अंगावर चरबी चढते. बाळंतपणात डोकं बाहेर येतं आणि खांदा अडकतो. मी तो प्रसंग पाहिलाय, पुन्हा कुणावर येऊ नये. सिझर करावं लागण्याची शक्यता वाढते. आईचा बीपी वाढतो, पाणमोटात पाणी जास्त होतं. पोटातच बाळ दगावण्याची भीतीही वाढते. आणि नाळ कापल्यावर बाळाला आईची साखर मिळायची थांबते, पण त्याचं इन्सुलिन जास्तच असतं. मग पहिल्या तासांत बाळाची साखर एकदम खाली जाते. म्हणून अशा आईनं दवाखान्यातच बाळंत व्हायचं आणि बाळाला तासाभराच्या आत अंगावर पाजायचं. मध नको, गूळपाणी नको, घुटी नको. चिकाचं दूध हेच त्याचं औषध.

आता ऐका, यातलं बरंचसं टळतं. साखर वेळेवर सापडली आणि ताब्यात ठेवली तर बहुतेक जणींचं बाळंतपण सुखरूप होतं.

पहिला उपाय खाणं. खाणं सोडायचं नाही, लावून खायचं. दोन जीवांची आहे म्हणून दुप्पट खा, हेही चूक, आणि साखर निघाली म्हणून उपाशी राहा, हे तर त्याहून चूक. गरोदर बाई जास्त वेळ उपाशी राहिली की तिची साखर लवकर उतरते आणि अंग चरबी जाळायला लागतं. त्यात बाळाचं हित नाही. म्हणून एकादशी, चतुर्थी, गुरुवार हे नऊ महिने देवाला सांगून ठेवा. उपासाचा साबुदाणा, भगर, रताळं यांनीही साखर चढतेच.

तीन वेळचं जेवण आणि मध्ये दोन-तीन वेळा थोडं खाणं, असं दिवसभरात वाटून घ्या. ताटात भाकरी असू द्या, पण भाकरीएवढीच उसळ, डाळ, पालेभाजी असू द्या. भाकरीवर भाकरी आणि चवीपुरतं कालवण, ही आपली सवय मोडायची. भात हवा असेल तर एक वाटी, आणि त्या वेळी भाकरी कमी. मधल्या वेळेला फुटाणे, शेंगदाणे, ताक, मोडाची मटकी, खात असाल तर अंडं. फळ खा, रस काढून पिऊ नका. आणि एक गैरसमज काढून टाका. "साखर बंद केली, आता गुळाचा चहा घेते," असं पुष्कळ जणी सांगतात. गूळ, काकवी, मध यांचीही रक्तात साखरच होते. चहासोबतच्या बिस्किटांत मैदा आणि साखर याशिवाय फारसं काही नसतं. लोहाच्या आणि कॅल्शियमच्या गोळ्या मात्र थांबवायच्या नाहीत.

दुसरा उपाय चालणं. तुम्ही म्हणाल, आम्ही दिवसभर राबतो, चालायचं कशाला? खुरपायला दिवसभर बसणं वेगळं आणि जेवणानंतर चालणं वेगळं. डॉक्टरांनी मनाई केली नसेल तर जेवल्यावर १५-२० मिनिटं अंगणात, वस्तीच्या रस्त्यानं चाला. अंग हललं की दारं थोडी सैल होतात.

असं दोन आठवडे केलं की पुन्हा तपासतात. जेवणानंतर दोन तासांनी साखर १२० च्या आत हवी. नाही आली तर डॉक्टर गोळी किंवा इन्सुलिन सुरू करतात. इन्सुलिनचं नाव काढलं की घरात रडारड होते, "आता पोरगी जन्मभर सुईवर." तसं नाही. वार पडली की जड झालेली दारं सैल होतात आणि बहुतेक जणींचं इंजेक्शन बंद होतं. ते इन्सुलिन बाळापर्यंत जातही नाही. एवढं मात्र लक्षात ठेवा, इन्सुलिन घेतलं की जेवण चुकवायचं नाही. हातपाय थरथरले, घाम फुटला, डोळ्यांपुढे अंधारी आली तर तीन चमचे ग्लुकोज पाण्यात घालून लगेच प्यायचं, आणि डॉक्टरांना कळवायचं.

आता ज्यासाठी मी माझी गोष्ट सांगितली तिथं येते.

बाळंत झाली, वार पडली, साखर उतरली. सगळे म्हणतात, गेली साखर. खरंच गेली का? पाणी उतरलं, पण दारं धरणारे कमी आहेत हे आपल्याला कळलं ना! गरोदरपण ही अंगाची परीक्षा होती. त्यात कळलं की हिचं स्वादुपिंड जास्तीचा भार पेलत नाही. जिला गरोदरपणात साखर झाली तिला पुढे कायमचा मधुमेह होण्याची शक्यता बाकीच्या बायांपेक्षा सात ते दहा पट असते. आणि पोटात असताना ज्या लेकराला जास्त साखर मिळाली, त्यालाही मोठेपणी हा धोका जास्त असतो.

म्हणून दीड महिन्यानं, म्हणजे सहा आठवड्यांनी, आईची पुन्हा तपासणी करायची असते. या वेळी मात्र उपाशीपोटी जायचं. आधी एकदा रक्त घेतात, मग तेच ७५ ग्रॅम ग्लुकोज आणि दोन तासांनी पुन्हा रक्त. दोन तासांनंतरची साखर १४० च्या आत असली तर चांगलं. १४० ते १९९ असली तर मधुमेहाच्या उंबरठ्यावर. २०० किंवा जास्त म्हणजे मधुमेह. चांगली आली तरी दर वर्षी एकदा तपासायची.

ही तपासणीच आपल्याकडे सगळ्यात जास्त राहून जाते. कारण सोपं आहे. साखर सापडली सासरच्या दवाखान्यात, बाळंतपण झालं माहेरी. कागद सासरी, बाई माहेरी. माहेरच्या आशाताईंना साखरेचं ठाऊक नाही, सासरच्या आशाताईंना वाटतं माहेरी झालं असेल. वर बाळंतिणीला बाहेर काढायचं नाही म्हणून घरचे थांबवतात. आणि त्या दिवसांत डिंकाचे लाडू, अळिवाची खीर, शिरा सुरूच. प्रेमानंच देतात, पण जिला साखर झाली होती तिच्यासाठी लाडू लहान करा, गूळ अर्धा करा, मेथी आणि सुकं खोबरं वाढवा. अंगावर पाजणं मात्र सोडू नका. त्यानं बाळाचं भलं होतंच, आईचा पुढचा धोकाही कमी होतो.

या सगळ्यावर उपाय एकच सांगते, लक्षात राहील असा. बाळाला दीड महिन्याची लस तर तुम्ही देताच. कितीही ऊन असो, पाऊस असो, नेताच. त्याच दिवशी, त्याच दवाखान्यात आईची साखर. लेकराच्या मांडीला सुई, तर आईच्या बोटालाही सुई. आणि पुढे दर वर्षी लेकराचा वाढदिवस आला की त्या आठवड्यात आईची साखर. केक कापा, औक्षण करा, पण आधी तपासून या. वेगळी तारीख लक्षात ठेवायची गरजच नाही.

गेल्या वर्षी माझी तीच मुलगी, ती चार किलोची, गरोदर राहिली. मी पहिल्याच भेटीला तिच्यासोबत गेले आणि डॉक्टरांना सांगितलं, "हिच्या वेळी मला साखर होती." पहिली तपासणी बरोबर आली. दुसरी, सव्वीसाव्या आठवड्यात, १६४. तिचा चेहरा उतरला. म्हणाली, "आई, मी काय चुकले?" मी म्हटलं, "तू काही चुकली नाहीस. चुकले होते मी, ते सापडल्यावर नाही, सापडून विसरले म्हणून." तिच्या सासूबाई समजूतदार. त्यांनी घरातल्या सगळ्यांचंच ताट बदललं. रोज रात्री जेवल्यावर सासू-सून दोघी देवळापर्यंत चालत जायच्या. औषध लागलं नाही. मुलगा झाला, तीन किलोचा. आणि दीड महिन्याच्या लसीच्या दिवशी मी माझ्या हातानं तिला धरून नेलं. या खेपेला कागद कपाटात जाऊ दिला नाही. तिची साखर १३२ आली. पुढच्या महिन्यात नातवाचा पहिला वाढदिवस आहे. मुलीला विचारलं, काय आणू? ती हसून म्हणाली, "माझं तपासणीचं कार्ड घेऊन ये, तुझ्याकडे राहिलंय."

तर गटाच्या पुढच्या बैठकीत हप्त्यांची वसुली झाली की दहा मिनिटं एवढं करा. गावात सहावा महिना कुणाला लागलाय, त्यांची नावं काढा आणि दुसरी ग्लुकोज तपासणी झाली का विचारा. माहेरी जाणाऱ्या लेकीच्या पिशवीत माता-बाल कार्डासोबत साखरेचा कागद आहे का ते बघा. आणि तिसरं, गटातल्या ज्या ज्या बाईला कधी काळी, अगदी २० वर्षांपूर्वीही, गरोदरपणात साखर सांगितली होती, तिनं हात वर करावा. आणि या आठवड्यात जाऊन तपासून यावं.

माझा पाय बरा झाला, डोळ्यांवर उपचार चालू आहेत, सकाळ-संध्याकाळ गोळ्या आहेत. रडत बसत नाही. पण तो कागद कपाटातून दीड महिन्यांतच काढला असता, तर कदाचित गोष्ट वेगळी झाली असती. तुमच्या कपाटात असा कागद असेल तर आज रात्रीच काढा.

येते मी. काळजी घ्या. रामराम.